दिल्लीच्या वास्तूंची तिकिटं ग्वाल्हेरहून निघण्याआधी कशी काढायची: कुणाला किती, कागदपत्रं कोणती

थंडी पडली की ग्वाल्हेरच्या आमच्या लश्कर भागात दर दुसऱ्या घरी दिल्लीचा बेत शिजतो. कुणाकडे पुण्याचे पाहुणे आलेले असतात, कुणाची मुलं सुट्टीवर, आणि मग मला फोन येतो की ताई ते ऑनलाइन तिकिटांचं तेवढं करून दे ना. करून द्यायला माझी ना नाही, पण दर वेळी तेच दहा प्रश्न आणि तेच माझं उत्तर, म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवते.

बहुतेक लोक उलट्या टोकाने सुरुवात करतात बघा. आधी कुतुबमिनारचं तिकीट शोधत बसतात, मग लाल किल्ला, आणि ट्रेन वगैरे सगळं झाल्यावर कुणाला तरी आठवतं की अरे राष्ट्रपती भवन पण आतून बघता येतं म्हणे, आणि तोवर त्या शनिवार-रविवारच्या वेळा भरून गेलेल्या असतात. कुतुबचं तिकीट ऐनवेळी गेटवरही मिळतं, राष्ट्रपती भवन बघायला मात्र आधी बुकिंग करून ठरलेल्या दिवशी ठरलेल्या वेळेलाच जावं लागतं. म्हणून आधी तिथली तारीख बघायची आणि बाकीची दिल्ली त्या तारखेच्या भोवती लावायची. रेल्वेचं आरक्षण आता ६० दिवस आधी उघडतं (१ नोव्हेंबर २०२४ पासून, त्याआधी १२० दिवस होते), त्यामुळे कधीकधी ट्रेन आधी काढावी लागते, तसं असेल तर दिल्लीत सोमवार सोडून निदान दोन मोकळे दिवस ठेवा.

सोमवारचं आत्ताच सांगून टाकते कारण सगळ्यात जास्त लोक तिथेच फसतात. लाल किल्ला सोमवारी बंद, राष्ट्रपती भवन सोमवारी बंद, नॅशनल म्युझियम सोमवारी बंद. रविवारची सुट्टी जोडून सोमवारी फिरू म्हणणारे मग इंडिया गेटवर भेळ खाऊन परत येतात. कुतुबमिनार आणि हुमायूनची कबर मात्र सोमवारी उघडी असते, त्यामुळे सोमवार आलाच वाट्याला तर तो या दोघांना द्या. आणि येता-जाता आग्र्याला उतरणार असाल तर ताजमहाल शुक्रवारी बंद, गतिमान एक्सप्रेस शुक्रवारी धावत नाही हे आपल्या ग्वाल्हेरवाल्यांना माहीत असतंच. १५ ऑगस्टच्या आधीचे काही दिवस लाल किल्ला बंदोबस्तासाठी पब्लिकला बंद ठेवतात, तेव्हा त्या आठवड्यात जाऊच नका.

आता राष्ट्रपती भवन. यांची स्वतःची सरकारी वेबसाइट आहे, पत्त्याच्या शेवटी जीओव्ही डॉट इन असतं, तेवढं बघूनच आत शिरा. तिथे तीन सर्किट दिसतील. पहिलं म्हणजे मुख्य इमारत, दुसरं म्युझियम, तिसरं बाग म्हणजे अमृत उद्यान, जिला २०२३ च्या जानेवारीपर्यंत मुघल गार्डन म्हणायचे. मुख्य इमारतीला माणशी ५० रुपये, म्युझियमला वेगळे ५०, आणि बाग फुकट पण ती वर्षभर उघडी नसते, मुख्य सीझन फेब्रुवारी-मार्च. सर्किट निवडायचं, कॅलेंडरमध्ये तारीख, मग वेळेचा स्लॉट, किती माणसं, आणि मोबाईलवर ओटीपी. ओटीपी ज्याच्या फोनवर येणार तो माणूस शेजारी बसलेला हवा, नाहीतर काका बाड्यावर म्हणजे बाजारात भाजी घेताहेत आणि मी इकडे घरी ओटीपी-ओटीपी करत बसलेय असं होतं, झालंय.

मग प्रत्येकाची माहिती भरायची, नाव, वय, ओळखपत्र कोणतं आणि त्याचा नंबर. इथे घाई करू नका. नाव ओळखपत्रावर जसं आहे तसंच लिहा. आपल्याकडे हा एक वेगळाच घोळ असतो, बाईचं माहेरचं नाव एका कार्डावर, सासरचं दुसऱ्यावर, वडिलांचं नाव मध्ये आहे की नवऱ्याचं हे तिलाही आठवत नाही, आणि हिंदी-इंग्रजीच्या भानगडीत कुळकर्णीचं कुलकर्णी झालेलं असतं. जे कार्ड सोबत नेणार तेच समोर ठेवून अक्षर-अक्षर बघून टाइप करा. लहान मुलांची नावंपण त्यातच टाकायची, मूल कडेवर असलं तरी ते एक माणूस. पैसे भरले की पास येतो, तो पीडीएफ सेव्ह करा आणि प्रिंटपण काढा. एकदा भरलेले पैसे परत मिळत नाहीत, तेव्हा सासूबाई येणार की नाही हे आधी ठरवून घ्या, ५० रुपयांचं काही नाही हो, पण जागा वाया जाते.

आत काय आहे विचाराल तर ३४० खोल्यांची इमारत, लुटियन्स नावाच्या इंग्रज आर्किटेक्टने बांधलेली, १९२९ मध्ये पूर्ण झाली. अर्थात सगळ्या खोल्या दाखवत नाहीत. जुन्या दरबार हॉलला २०२४ पासून गणतंत्र मंडप म्हणतात आणि अशोक हॉलला अशोक मंडप, तेव्हा वेबसाइटवर नवी नावं दिसली तर गोंधळू नका. सिक्युरिटी विमानतळासारखी असते, मोठी बॅग नेऊ नका, स्लॉटच्या बरंच आधी पोचा. शनिवारी सकाळी चेंज ऑफ गार्डचा म्हणजे पहारा बदलण्याचा सोहळा असतो, त्याचंही बुकिंग त्याच साइटवर वेगळं, पण थंडीत आणि उन्हाळ्यात वेळ बदलते, म्हणून मागच्या वर्षी गेलेल्या आत्याच्या सांगण्यावर विसंबू नका.

राष्ट्रपती भवन झालं की बाकीचं सोपं. लाल किल्ला, कुतुबमिनार, हुमायूनची कबर, पुराना किला, सफदरजंगची कबर, जंतरमंतर ही सगळी भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या ताब्यात आहेत, म्हणजे आपल्या ग्वाल्हेरच्या किल्ल्यावरच्या मानमंदिराचं तिकीट देणारं खातं तेच. त्यांच्या ऑनलाइन तिकिटाची लिंक सर्वेक्षणाच्या अधिकृत साइटवरूनच उघडा, सर्चमध्ये सगळ्यात वर येणाऱ्या जाहिरातीवर क्लिक करू नका, तिथे गाइड, गाडी, स्किप द लाइन असलं काहीबाही चिकटवून ३५ चं तिकीट चारशेला विकतात आणि आपण भोळेपणाने घेतो.

रीत अशी, शहर निवडा, वास्तू निवडा, तारीख निवडा, प्रत्येकाचं नाव-वय आणि ओळखपत्राचा प्रकार-नंबर भरा, मग यूपीआय किंवा कार्ड. ओळखपत्रात आधार, मतदार कार्ड, ड्रायव्हिंग लायसन्स, पासपोर्ट काहीही चालतं. तिकीट ईमेलवर येतं, वर क्यूआर असतो, गेटवर तो स्कॅन करतात. पैसे कापले गेले आणि तिकीट दिसत नाही असं झालं तर लगेच दुसऱ्यांदा पैसे भरू नका, आधी ईमेलचं स्पॅम बघा, थोडा वेळ थांबा, मग बघा. ऑनलाइन तिकीट कॅन्सल होत नाही हेही लक्षात असू द्या, तारीख चुकली की गेलं.

दराचं म्हणाल तर २०१८ मध्ये जे ठरले त्याप्रमाणे कुतुबमिनार आणि हुमायूनच्या कबरीसारख्या जागतिक वारसा यादीतल्या ठिकाणी भारतीयांना ४० रुपये, ऑनलाइन किंवा कॅशलेस भरले तर ३५. पुराना किला, सफदरजंग, जंतरमंतर ही दुसऱ्या वर्गातली, तिथे २५, ऑनलाइन २०. परदेशी नागरिकांना पहिल्या वर्गात ६००, ऑनलाइन ५५०, दुसऱ्यात ३०० आणि २५०. नेपाळ, भूतान, श्रीलंका असल्या सार्क आणि बिम्स्टेक या देशगटांतल्या लोकांना आपलाच दर. पैसे भरण्याआधी स्क्रीनवर आलेला आकडा बघून घ्या. लाल किल्ल्यात आतल्या म्युझियमचं तिकीट वेगळं जोडतात, तेव्हा तिथे टिक करताना हवं आहे का ते ठरवा. १५ वर्षांच्या आतल्या मुलांना तिकीटच नाही, मग ते कुठल्याही देशाचं असो, पण उंच पोरं असतील तर आधार बरोबर ठेवा, आमचा भाचा चौदाचा आहे आणि मिशा फुटल्यात, त्याच्यावर कोण विश्वास ठेवणार.

आणि हा प्रश्न आजकाल प्रत्येक घरात येतो, मुलगी-जावई अमेरिकेतले, पासपोर्ट तिकडचा, त्यांचं काय. तर त्यांच्याकडे ओसीआय कार्ड (परदेशी पासपोर्ट असलेल्या भारतीय वंशाच्या लोकांना मिळतं ते) असेल तर वास्तू आणि म्युझियमच्या प्रवेशाला भारतीयांचाच दर लागतो, गृहमंत्रालयाचं ४ मार्च २०२१ चं नोटिफिकेशन आहे. पण मूळ कार्ड बरोबर पाहिजे. ओसीआय कार्ड ट्रंकेत आणि जावई कुतुबच्या रांगेत, मग ५५० भरा. कार्ड नसेल आणि परदेशी पासपोर्ट असेल तर सरळ परदेशी म्हणून बुक करा, नातं कितीही जवळचं असो.

ओळखपत्राचं आमचं रामायण सांगते. एका ठिकाणी आम्ही सात जण पोचलो, सगळ्यांच्या आधारचे फोटो माझ्या मोबाईलमध्ये छान फोल्डर करून ठेवलेले, मी फार ऐटीत. गेटवरच्या माणसाने मूळ कार्ड मागितलं. पाच जणांकडे होतं. मावशींचं आणि काकांचं घरी, कपाटात, लॅमिनेट करून, जपून. फोनमधला फोटो चालेना. शेवटी काकांच्या पाकिटात जुनं ड्रायव्हिंग लायसन्स निघालं, पण बुकिंग आधारच्या नंबरवर, ते समजवण्यात अर्धा तास, आणि मावशी बाहेर बाकावर बसून राहिल्या आणि आम्ही बघून येईपर्यंत त्यांनी सगळ्यांचा चिवडा संपवला. तेव्हापासून माझा नियम एकच, ज्या कार्डाचा नंबर टाकला तेच मूळ कार्ड त्या-त्या माणसाच्या हातात, आणि हे स्टेशनला निघण्याआधी दारात उभं राहून तपासायचं.

वास्तूंचा क्रम म्हणाल तर वंदे भारत दुपारी हजरत निजामुद्दीनला पोचते, हुमायूनची कबर तिथून अगदी जवळ, सामान हॉटेलवर टाकून त्याच संध्याकाळी ती उरकता येते, सूर्यास्तापर्यंत उघडी असते. लाल किल्ल्याला मात्र अर्धा दिवस द्या, विशेषतः आपण ग्वाल्हेरच्या लोकांनी. मुघल बादशहा शाहआलमला १७७२ मध्ये याच किल्ल्यात परत गादीवर आणून बसवलं त्यात महादजी शिंदे होते, आणि त्याच्या बारा वर्षं आधी, १७६० ला, सदाशिवराव भाऊंनी दिवाण-ए-खासचं चांदीचं छत काढून सैन्याचा पगार भागवला होता. दोन्ही गोष्टी आपल्याच. तिथे उभं राहिलं की अभिमान वाटू द्यायचा की गप्प बसायचं कळत नाही. मेट्रोचं लाल किला नावाचंच स्टेशन आहे, रिक्षावाल्याशी हुज्जत घालू नका.

कुतुबचं एक, वर चढता येत नाही. १९८१ च्या चेंगराचेंगरीनंतर आतला जिना बंदच आहे, म्हणून साडेबहात्तर मीटर चढायच्या भीतीने गुडघेदुखीवाल्या आजींना घरी ठेवू नका, अंगणातला लोखंडी खांब आणि कमानी खालून मस्त दिसतात. व्हिडिओ कॅमेरा असेल तर त्याचे २५ रुपये वेगळे, ट्रायपॉड मात्र परवानगीशिवाय चालत नाही. जागतिक वारसा दिनाला म्हणजे १८ एप्रिलला पुरातत्त्ववाले प्रवेश फुकट ठेवतात, पण एप्रिलची दिल्ली आणि त्यात फुकटची गर्दी, ३५ रुपये वाचवायला मी तरी जाणार नाही.

इंडिया गेट, त्याच्या बाजूचं नॅशनल वॉर मेमोरियल आणि लोधी गार्डन यांना तिकीटच नाही, तेव्हा या नावांनी कुणी तुम्हाला ऑनलाइन पास विकत असेल तर फोन खाली ठेवा. ज्यांचं बुकिंग माझ्याकडून करून घ्यायचंय त्यांनी संध्याकाळी सात नंतर या, सगळ्यांची कार्डं घेऊन, आणि ओटीपी येणारा फोन चार्ज करून.