काडी विझते आणि वाळवंट उजाडतं : संकलक अ‍ॅन कोट्स यांच्या कारकिर्दीची पार्श्वभूमी

नायक झालेला पीटर ओटूल पेटती काडी चेहऱ्यासमोर धरतो, तिच्याकडे बघत राहतो आणि फुंकर मारतो. त्याच क्षणी पडदाभर वाळवंटाचं तांबूस क्षितिज पसरतं. ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ चित्रपटातला हा कट, म्हणजे एका दृश्यावरून थेट दुसऱ्यावर घेतलेली उडी, सिनेमा शिकणाऱ्या प्रत्येकाला कधी ना कधी दाखवला जातो. पटकथेत मात्र तो नव्हताच. तिथे डिझॉल्व्ह होता, म्हणजे एक दृश्य विरता विरता दुसरं उमटणार होतं.

त्या काळी डिझॉल्व्ह संकलकाच्या टेबलावर होत नसे. फिल्मवर ग्रीस पेन्सिलने खूण करायची आणि तो परिणाम पुढे प्रयोगशाळेत तयार व्हायचा. तोवर वर्क प्रिंटमध्ये, म्हणजे संकलनासाठीच्या कच्च्या प्रतीत, दोन्ही शॉट नुसते एकापुढे एक चिकटवलेले असायचे. दिग्दर्शक डेव्हिड लीन आणि संकलक अ‍ॅन कोट्स यांनी ते तसे पाहिले आणि दोघांनाही तेच भावलं. अजून थोडं नेमकं हवं, असं लीन यांना वाटलं, तेव्हा कोट्स यांनी दोन फ्रेम काढल्या. सेकंदाला २४ फ्रेम धरल्या तर एका सेकंदाचा बारावा हिस्सा! याला निव्वळ योगायोग म्हणणं मला पटत नाही. फ्रान्समधल्या नव्या दिग्दर्शकांचे सिनेमे कोट्स तेव्हा आवडीने पाहत होत्या आणि लीन यांनीही ते पाहावेत असा त्यांचा आग्रह होता. समोर आलेलं ओळखायला नजर आधीच तयार होती.

ही नजर घडली कशी? कोट्स यांचा जन्म १२ डिसेंबर १९२५ चा, इंग्लंडमधल्या सरे परगण्यातल्या रायगेटचा. ब्रिटिश चित्रपटसृष्टीतले बडे प्रस्थ जे. आर्थर रँक हे त्यांचे काका. सिनेमात येण्याआधी कोट्स परिचारिका होत्या. ईस्ट ग्रिन्स्टेडला सर आर्चिबाल्ड मॅकिंडो युद्धात होरपळलेल्या वैमानिकांचे चेहरे शस्त्रक्रियेने पुन्हा उभे करत होते, तिथे त्यांनी काम केलं. सिनेमात जायचं म्हटल्यावर काकांनी त्यांना धार्मिक चित्रपटांच्या विभागात धाडलं. हे वेड तिथे निवेल, असा त्यांचा होरा होता. पण रिळं दुरुस्त करणं, तुटलेली फिल्म जोडणं या कष्टांतूनच कोट्स यांचा हात बसला. पुढे पाइनवुड स्टुडिओत ‘द रेड शूज’च्या संकलनात त्या सहायक होत्या, आणि १९५२ च्या ‘द पिकविक पेपर्स’पासून स्वतंत्र संकलक झाल्या.

लॉरेन्सच्या भूमिकेसाठी लीन यांनी आधी अल्बर्ट फिनी या अभिनेत्याची स्क्रीन टेस्ट, म्हणजे कॅमेऱ्यासमोरची चाचणी, घेतली होती. ती कापायचं काम कोट्स यांच्याकडे आलं. लीन स्वतः मुळात नावाजलेले संकलक, त्यामुळे परीक्षा कठीणच. ते काम पाहूनच लीन यांनी त्यांना चित्रपट दिला. त्यातला गासिमचा प्रसंग जरूर पुन्हा पाहा. (गासिम झालेत मुंबईच्या हिंदी सिनेमातले आय. एस. जोहर.) तापत्या वाळवंटात मागे राहिलेल्या गासिमला आणायला लॉरेन्स परत गेला आहे. त्याची वाट पाहणारा दाऊद हा पोरगा उंटावर बसलेला. दूर एक ठिपका दिसतो. उंट आधी चालू लागतो, मग धावू लागतो. कोट्स आणि लीन इथे घाई करत नाहीत, म्हणून शेवटची धाव अंगावर येते. या चित्रपटासाठी कोट्स यांना ऑस्कर मिळालं.

त्यानंतर ‘बेकेट’, ‘द एलिफंट मॅन’, ‘इन द लाइन ऑफ फायर’ आणि ‘आउट ऑफ साइट’ यांसाठी चार नामांकनं. यातला १९८० चा ‘द एलिफंट मॅन’ मला त्यांच्या पहिल्या नोकरीजवळचा वाटतो. विद्रूप चेहऱ्याच्या नायकाला बराच वेळ आपल्यासमोर आणलंच जात नाही. बघणाऱ्यांचे चेहरे आधी दिसतात. होरपळलेल्या माणसांची शुश्रूषा केलेल्या बाईच्या हातून हे संकलन झालं, ही गोष्ट मनातून जात नाही.

१९८९ मध्ये ‘लॉरेन्स’ची मूळ लांबीच्या जवळ जाणारी आवृत्ती पुन्हा उभी राहिली, तेव्हा लीन यांच्यासोबत कोट्सही कामाला बसल्या. पुढे फिल्म जाऊन संगणक आला, तोही त्यांनी सत्तरीच्या सुमारास आत्मसात केला. १९९८ च्या ‘आउट ऑफ साइट’मध्ये बारमधलं संभाषण आणि हॉटेलच्या खोलीतली जवळीक एकमेकांत विणली आहे, मधेच चित्र क्षणभर थिजतं. इतकं तरुण संकलन, आणि वय ७२!

‘फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे’ २०१५ मध्ये प्रदर्शित झाला तेव्हा त्या ८९ वर्षांच्या होत्या. २०१६ मध्ये त्यांना मानद ऑस्कर मिळालं आणि ८ मे २०१८ रोजी त्या गेल्या. त्यांची मुलगी एमा हिकॉक्सही संकलकच आहे.