होलाशोवित्से : इथे आपण अख्खी सकाळ का थांबतो

दक्षिण चेकियाच्या सहलीचा कार्यक्रम हातात पडला की बरेच जण एका नावापाशी अडखळतात. प्राग कळतं, चेस्की क्रुमलोवचा किल्ला कळतो, पण होलाशोवित्से? किल्ला नाही, राजवाडा नाही, बाजारपेठही नाही. गावात राहणारी माणसं दीडशेच्या आतबाहेर. तरीही या गावासाठी आम्ही अख्खी सकाळ राखून ठेवतो, आणि त्यामागचं कारण निघण्यापूर्वी तुम्हाला ठाऊक असावं असं आम्हाला मनापासून वाटतं.

चेस्के बुद्येयोवित्से शहराच्या पश्चिमेला सुमारे 15 किलोमीटरवर हे गाव आहे. आजूबाजूचा मुलूख सपाट आणि पाणथळ. लोक त्याला ‘ब्लाता’ म्हणतात, मूळ शब्द चिखलाचा. जागोजाग मासे पाळण्याची जुनी तळी दिसतात. दक्षिणेला 1084 मीटर उंचीचा क्लेत्य डोंगर.

गावाचा पहिला उल्लेख 1263 चा. 1292 मध्ये राजा दुसरा वेन्सेस्लास याने ते विशी ब्रोदच्या सिस्टर्शियन (ख्रिस्ती साधूंचा एक पंथ) मठाला दिलं आणि 1848 पर्यंत ते मठाकडेच राहिलं. मधल्या काळात, 1520 ते 1525 दरम्यान, प्लेग आला. साथ सरली तेव्हा गावात अवघी दोन माणसं उरली होती. मृतांना जिथे एकत्र पुरलं तिथे पुढे एक खांब उभारला गेला. ओस पडलेलं गाव मठाने बव्हेरिया आणि ऑस्ट्रियातून कुटुंबं आणून पुन्हा वसवलं. ही मंडळी जर्मन बोलणारी, म्हणून गावाला ‘होलशोवित्स’ असं जर्मन नावही पडलं. 1895 मध्ये इथे 157 जर्मन आणि 19 चेक राहत होते.

आता घरांकडे या. मधलं पटांगण सुमारे 210 मीटर लांब आणि 70 मीटर रुंद. त्यात तळं, लोहाराची भट्टी आणि 1755 चं संत यान नेपोमुक यांचं छोटं प्रार्थनाघर. चारी बाजूंनी वाडे, साऱ्यांची तोंडं पटांगणाकडे. एखाद्या वाड्यासमोर निवांत उभे राहा. दोन तिकोनी दर्शनी भिंती दिसतील आणि मधे त्यांना जोडणारी कमानीची वेस : गाडीसाठी मोठा दरवाजा, माणसासाठी शेजारी लहान. एका भिंतीमागे राहतं घर. दुसरीमागे धान्याचं कोठार, नाहीतर ‘वीमिनेक’, म्हणजे शेती मुलाच्या हाती सोपवल्यावर म्हाताऱ्या आईवडिलांनी राहायची जागा. वेगळी चूल, पण अंगण एकच. अंगणाच्या टोकाला धान्य मळण्याचं आणि साठवण्याचं मोठं खळ्याचं घर, त्याच्या मागे बाग आणि मग शेत.

या भिंतींवरच्या चुन्याच्या नक्षीला ‘सेल्स्के बारोको’, म्हणजे शेतकऱ्यांची बरोक (युरोपातली एक जुनी, नक्षीदार) शैली, म्हणतात. बहुतेक नक्षी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यानंतरची. 1848 मध्ये वेठबिगार संपली आणि शेतकरी आपल्या जमिनीचा धनी झाला. चर्चमध्ये आणि सरदारांच्या हवेल्यांवर पाहिलेल्या वेलबुट्ट्या त्याने आता आपल्या दारावर काढून घेतल्या. आम्हाला हे गाव आवडतं ते यासाठी. मोकळ्या झालेल्या कुणब्याचा आनंद इथे भिंतीवर दिसतो.

दुसऱ्या महायुद्धानंतर जर्मन कुटुंबांना देशाबाहेर काढलं गेलं आणि बरेच वाडे रिकामे पडले. नव्याने बांधायला कुणी नव्हतं, म्हणून जुनं पाडलंही गेलं नाही; गावाची मध्ययुगीन आखणी तशीच राहिली. ज्या घरांकडे पाहून आपण हरखतो, ती टिकली यामागे कुणाचं तरी घर सुटलेलं आहे. फोटो काढताना एवढं मनात असू द्या. 1990 नंतर वाड्यांची डागडुजी झाली, तिथे पुन्हा माणसं राहू लागली, आणि 1998 मध्ये 23 वाड्यांचं हे गाव युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेलं.

थोडं सोयीचं. घरं राहती आहेत, तेव्हा वेस उघडी दिसली तरी विचारल्याशिवाय आत जाऊ नका. चपटे, घट्ट बसणारे बूट घाला. जुलैअखेरीस इथे शेतकरी उत्सव भरतो. त्या दिवसांत गर्दी फार असते, म्हणून निवांतपणा हवा असलेल्यांनी मे किंवा सप्टेंबरचा गट निवडावा. पटांगणाला एक पूर्ण फेरी मारा आणि दर्शनी भिंतींच्या माथ्यावर कोरलेली सालं वाचत चला.