अकादमी ते पदार्पण, इंग्लिश फुटबॉलमधील

इंग्लंडमधील व्यावसायिक फुटबॉल क्लब शाळकरी वयाची मुले आपल्याकडे नोंदवून घेतात, त्यांना वर्षानुवर्षे घडवतात आणि त्यांतील मोजक्यांना पहिल्या संघात उतरवतात. या प्रथेला स्थूलपणे ‘अकादमी पद्धती’ म्हणतात, आणि अशा मुलाने पहिल्या संघाकडून खेळलेल्या पहिल्या अधिकृत सामन्याला ‘पदार्पण’. ‘अकादमी’ ही संज्ञा नियमांत १९९८ मध्ये रूढ झाली. प्रथा मात्र तिच्यापेक्षा निदान सहा दशकांनी जुनी आहे. वृत्तपत्रांतून ‘व्यावसायिक पदार्पण’ असा शब्दप्रयोग सर्रास आढळतो, परंतु पदार्पणाच्या दिवशी खेळाडू कायद्याने व्यावसायिक असतोच असे नाही. इंग्लिश फुटबॉलमधील काही अत्यंत गाजलेली पदार्पणे हौशी, शिकाऊ किंवा शाळकरी नोंदणीवर झाली आहेत, आणि या विषयावरील बरेच वाद हा भेद न पाळल्यामुळे उद्भवले आहेत.

उगम : आपले खेळाडू आपणच घडवावेत, ही कल्पना पद्धतशीरपणे प्रथम कोणी राबवली याबद्दल एकमत नाही. लोकप्रिय लेखनात हे श्रेय बहुधा मॅट बझ्बी यांच्या मँचेस्टर युनायटेडला दिले जाते. १९५० च्या दशकातील त्यांचा तरुण संघ ‘बझ्बी बेब्स’ या नावाने प्रसिद्ध झाला; हे नाव मँचेस्टरमधील पत्रकार टॉम जॅक्सन यांनी रूढ केले, असे सामान्यतः मानतात. तथापि १९२७ ते १९४४ या काळात वुल्व्हरहॅम्प्टन वाँडरर्सचे व्यवस्थापक असलेल्या मेजर फ्रँक बकली यांनी त्याआधीच कोवळ्या वयाची मुले क्लबवर आणून त्यांना पहिल्या संघापर्यंत नेण्याचा धडाका लावला होता, आणि त्यांच्या संघालाही ‘बकली बेब्स’ म्हणत. बिली राइट १९३८ मध्ये चौदाव्या वर्षी तेथे मैदान-कर्मचारी म्हणून दाखल झाला. अंगाने फार लहान म्हणून बकलींनी त्याला घरी धाडण्याचे ठरवले होते. तो निर्णय फिरला आणि त्याच मुलाने पुढे इंग्लंडतर्फे १०५ सामने खेळले. त्याच वर्षी मँचेस्टरमध्ये युनायटेडचे अध्यक्ष जेम्स गिब्सन आणि सचिव वॉल्टर क्रिकमर यांच्या पुढाकाराने ‘मँचेस्टर युनायटेड ज्युनियर अ‍ॅथलेटिक क्लब’ स्थापन झाला. बझ्बी तेथे आले ते १९४५ मध्ये, म्हणजे त्यांना पाया तयार मिळाला होता. स्वतःच्या घडणीतला किमान एक खेळाडू प्रत्येक सामन्याच्या चमूत असण्याची जी अखंड परंपरा युनायटेड अभिमानाने सांगते, तिची गणना ३० ऑक्टोबर १९३७ पासून होते. ही तारीख ज्युनियर क्लबच्याही आधीची आहे, आणि गणना चमूची आहे, मैदानावरील अकरांची नव्हे, हेही लक्षात घ्यावयास हवे. एकंदर पुरावा पाहता प्रथेचा आरंभ एका क्लबाच्या नावे लिहिण्यापेक्षा १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात ती दोन-तीन ठिकाणी समांतर रुजली असे मानणे अधिक सयुक्तिक वाटते. बकलींचा अग्रक्रम मात्र नाकारता येत नाही.

या दोन क्लबांमधील स्पर्धा डंकन एडवर्ड्‌सच्या निमित्ताने उघड झाली. १ ऑक्टोबर १९३६ रोजी डडली येथे जन्मलेला हा मुलगा वुल्व्हरहॅम्प्टनच्या अंगणातला. तरीही २ जून १९५२ रोजी त्याने युनायटेडकडे हौशी खेळाडू म्हणून नाव नोंदवले. वुल्व्ह्‌जचे (वुल्व्हरहॅम्प्टन वाँडरर्सचे) व्यवस्थापक स्टॅन कलिस संतापले आणि मुलाला किंवा घरच्यांना पैशाचे आमिष दाखवले गेल्याचा आरोप त्यांनी केला. आपल्याला पहिल्यापासून युनायटेडकडूनच खेळायचे होते, असे एडवर्ड्‌स सांगत राहिला. फुटबॉलमध्ये जम बसला नाही तर हाताशी काही असावे म्हणून त्याने सुतारकामाची उमेदवारीही धरली होती. ४ एप्रिल १९५३ रोजी कार्डिफ सिटीविरुद्ध तो पहिल्या संघाकडून खेळला, वय १६ वर्षे १८५ दिवस. युनायटेडने तो सामना घरच्या मैदानावर ४–१ असा गमावला. त्याने व्यावसायिक करारावर सही केव्हा केली याबद्दल मात्र दोन मते आहेत. काही लेखक सतराव्या वाढदिवसाचा, म्हणजे ऑक्टोबर १९५३ चा निर्देश करतात. मध्यरात्र उलटताच क्लबाचा माणूस सही घ्यायला घरी हजर झाला, ही आख्यायिका सांगणारे बहुधा ती घटना एक वर्ष मागे, म्हणजे ऑक्टोबर १९५२ मध्ये नेतात. त्या काळी सतराव्या वर्षाआधी व्यावसायिक नोंदणी होत नसे हे ध्यानात घेता पहिली तारीख ग्राह्य वाटते, आणि ती ग्राह्य धरली तर हे सुप्रसिद्ध ‘व्यावसायिक पदार्पण’ एका हौशी खेळाडूचे ठरते.

पदार्पणानंतर महिनाभरातच एडवर्ड्‌स पुन्हा मुलांच्या संघात दिसतो. १९५२-५३ च्या हंगामात सुरू झालेल्या एफए (फुटबॉल असोसिएशन, इंग्लिश फुटबॉलची नियामक संस्था) युथ कप या युवा संघांच्या स्पर्धेच्या पहिल्या अंतिम फेरीत युनायटेडची गाठ वुल्व्ह्‌जशीच पडली. पहिला टप्पा ७–१ असा जिंकून आणि दुसरा २–२ असा बरोबरीत सोडवून युनायटेडने चषक मिळवला आणि पुढील चार वर्षेही तो आपल्याकडेच ठेवला. एप्रिल १९५५ मध्ये स्कॉटलंडविरुद्ध इंग्लंडच्या राष्ट्रीय संघात खेळून आलेला एडवर्ड्‌स त्याच हंगामात युथ कपच्या अंतिम सामन्यातही उतरला. पदार्पण म्हणजे एकदा ओलांडला की मागे न वळण्याचा उंबरठा, ही समजूत त्या काळाला लागू पडत नाही. म्युनिक येथील ६ फेब्रुवारी १९५८ च्या विमान-अपघातातील जखमांमुळे एडवर्ड्‌सचे त्याच महिन्याच्या २१ तारखेला निधन झाले. वय अवघे एकवीस.

शिकाऊ ते स्कॉलर : शाळा सुटलेल्या मुलाला थेट खेळाडू म्हणून ठेवता येत नसल्याने क्लब त्याला मैदान-कर्मचारी म्हणून कामाला लावीत. वरिष्ठांचे बूट घासणे, प्रेक्षकांचे कट्टे झाडणे, चेंडूंत हवा भरणे ही कामे झाल्यावर सराव. १९६० मध्ये शिकाऊ खेळाडू ही अधिकृत श्रेणी आली, पण बूट घासण्याचे काम सुटले नाही; प्रत्येक मुलाकडे ठरावीक वरिष्ठांचे बूट सोपवण्याची रीत १९९० च्या दशकापर्यंत सर्वत्र होती. १९८३ पासून सरकारच्या युवक-प्रशिक्षण योजनेखाली क्लब मुले घेऊ लागले. १९८४ मध्ये फुटबॉल असोसिएशनने लिलशॉल येथे निवासी राष्ट्रीय शाळा काढली. मायकेल ओवेन, सोल कॅम्पबेल, जेमी कॅरॅगर हे तिचे विद्यार्थी. ती १९९९ मध्ये बंद झाली, कारण तोपर्यंत असोसिएशनचे तांत्रिक संचालक हॉवर्ड विल्किन्सन यांच्या १९९७ च्या ‘चार्टर फॉर क्वालिटी’ या आराखड्यानुसार प्रशिक्षणाची सूत्रे क्लबांच्या अकादम्यांकडे गेली होती.

सध्याची रचना २०१२-१३ पासून अमलात आलेल्या ‘एलिट प्लेअर परफॉर्मन्स प्लॅन’वर उभी आहे. तीनुसार अकादम्यांचे चार वर्ग पडतात आणि वर्गानुसार प्रशिक्षणाचे तास, कर्मचारी व सोयी ठरतात. नोंदणी नऊ वर्षांखालील गटापासून होते. त्या गटापासून सोळा वर्षांखालील गटापर्यंत मुलगा शाळकरी नोंदणीवर असतो. सोळाव्या वर्षी निवडक मुलांना साधारण दोन वर्षांची ‘स्कॉलरशिप’ मिळते, जीत फुटबॉलबरोबर शिक्षणही बंधनकारक असते. आणि सतरावे वर्ष पूर्ण झाल्यावरच व्यावसायिक करार करता येतो. या योजनेतील सर्वांत वादग्रस्त तरतूद नुकसानभरपाईची होती. पूर्वी मोठ्या क्लबाने लहान क्लबाचा मुलगा उचलला आणि दोघांचे जमले नाही, तर लवाद रक्कम ठरवी. नव्या योजनेत ठरीव दरपत्रक आले: नऊ ते अकरा वयाच्या प्रत्येक वर्षासाठी तीन हजार पौंड, आणि बारा ते सोळा वयाच्या प्रत्येक वर्षासाठी अकादमीच्या वर्गानुसार साडेबारा ते चाळीस हजार पौंड. मुलाच्या घरापासून प्रवास दीड तासाच्या आत असावा, ही अटही वरच्या वर्गासाठी सैल झाली. ऑक्टोबर २०११ मध्ये फुटबॉल लीगच्या, म्हणजे प्रीमियर लीग या सर्वोच्च श्रेणीखालील, क्लबांनी ४६ विरुद्ध २२ मतांनी हे मान्य केले. लहान क्लबांची भीती निराधार नव्हती. २०१६ मध्ये ब्रेंटफर्डने आपली अकादमीच बंद केली आणि मोठ्या क्लबांनी सोडलेल्या तरुणांवर स्वतंत्र ‘ब’ संघ उभारला. अकादमी पुन्हा सुरू झाली ती क्लब प्रीमियर लीगमध्ये पोहोचल्यानंतर.

निवडीबाबत एक गोष्ट अभ्यासकांनी वारंवार दाखवून दिली आहे. इंग्लंडमध्ये वयोगटाची सीमा शालेय वर्षाप्रमाणे १ सप्टेंबर धरतात; त्यामुळे सप्टेंबर ते नोव्हेंबरमध्ये जन्मलेली मुले आपल्या गटात थोराड ठरतात आणि अकादम्यांत त्यांचे प्रमाण लोकसंख्येच्या मानाने बरेच अधिक आढळते. म्हणून काही अकादम्या अधूनमधून मुलांना जन्मतारखेऐवजी शारीरिक परिपक्वतेनुसार गट पाडून खेळवतात. नवव्या वर्षी केलेली पारख किती कच्ची असू शकते, याचे हॅरी केन हे ठळक उदाहरण आहे: आर्सेनलने त्याला एका हंगामानंतर सोडून दिले होते.

पदार्पणाची व्याख्या : केनचेच पदार्पण कोणते मानावे हाही प्रश्न आहे. टॉटनमचा खेळाडू असताना तो उसनवारीवर लेटन ओरिएंटकडे गेला आणि जानेवारी २०११ मध्ये रॉचडेलविरुद्ध त्याने आपला पहिला लीग सामना खेळला. टॉटनमकडून तो प्रथम खेळला ऑगस्ट २०११ मध्ये, हार्ट्‌सविरुद्ध युरोपा लीगमध्ये, आणि त्यात त्याची पेनल्टी अडवली गेली. लीग, चषक आणि युरोपीय स्पर्धा यांतील पदार्पणे संदर्भग्रंथ वेगवेगळी नोंदवतात, तर क्लबांच्या नोंदी बहुधा पहिला कोणताही अधिकृत सामना धरतात. जूड बेलिंगहॅमने ६ ऑगस्ट २०१९ रोजी १६ वर्षे ३८ दिवसांचा असताना बर्मिंगहॅम सिटीचा सर्वांत तरुण खेळाडू म्हणून ट्रेव्हर फ्रान्सिसचा विक्रम मोडला, तो सामना लीग कपचा होता.

वयाच्या विक्रमांत ही अडचण अधिकच जाणवते. अल्बर्ट गेल्डर्ड १६ सप्टेंबर १९२९ रोजी ब्रॅडफर्ड पार्क अ‍ॅव्हेन्यूकडून फुटबॉल लीगमध्ये उतरला तेव्हा तो १५ वर्षे १५८ दिवसांचा होता. केन रॉबर्ट्‌स १ सप्टेंबर १९५१ रोजी रेक्समकडून खेळला, आणि प्रतिस्पर्धी होता तोच ब्रॅडफर्ड पार्क अ‍ॅव्हेन्यू. त्याचेही वय नेमके १५ वर्षे १५८ दिवस. जन्मतारखांवरून पडताळले तरी दोघांची बरोबरी कायम राहते. तो विक्रम २००८ मध्ये बार्न्सलीच्या रूबेन नोबल-लाझरसने १५ वर्षे ४५ दिवस वय असताना मोडला. वुल्व्ह्‌जचा कॅमेरन ब्युकॅनन १९४२ मध्ये चौदाव्या वर्षीच खेळल्याची नोंद आहे, पण तो युद्धकालीन सामना असल्याने अधिकृत गणनेत येत नाही. प्रीमियर लीगपुरते पाहिल्यास विक्रम आर्सेनलच्या ईथन न्वानेरीकडे जातो. १८ सप्टेंबर २०२२ रोजी ब्रेंटफर्डच्या मैदानावर आर्सेनल ३–० असा पुढे असताना भरपाईच्या वेळेत तो उतरला, वय १५ वर्षे १८१ दिवस. त्याच्याआधीचा हार्वी एलियटचा विक्रम १६ वर्षे ३० दिवसांचा होता. न्वानेरी तेव्हा स्कॉलरही नव्हता. शाळकरी नोंदणीवरील मुलगा होता.

वेन रूनीचे उदाहरण या भेदावर सर्वांत स्वच्छ प्रकाश टाकते. नवव्या वर्षापासून एव्हर्टनमध्ये वाढलेला रूनी १७ ऑगस्ट २००२ रोजी टॉटनमविरुद्ध प्रथम खेळला, आणि १९ ऑक्टोबरला अखेरच्या मिनिटाला दूरवरून मारलेल्या त्याच्या फटक्याने आर्सेनलची तीस सामन्यांची अपराजित घोडदौड थांबवली. त्या दिवशी त्याला सतरावे वर्ष पुरे व्हायला पाच दिवस होते. पहिला व्यावसायिक करार झाला तो जानेवारी २००३ मध्ये.

पदार्पणाची संधी गुणांइतकीच गरजेतून येते. २५ फेब्रुवारी २०१६ च्या गुरुवारी ओल्ड ट्रॅफर्डवर युरोपा लीगमध्ये डेन्मार्कच्या मिट्यूलांडशी सामना होता. युनायटेडचे डझनभराहून अधिक खेळाडू जायबंदी होते, पहिला टप्पा २–१ असा हरलेला होता. सामन्यापूर्वीच्या सरावात आघाडीचा खेळाडू आंतोनी मार्शियल दुखावला आणि राखीव यादीतील मार्कस रॅशफर्डचे नाव ऐन वेळी अकरांत आले. सातव्या वर्षापासून क्लबावर वाढलेला हा मुलगा अठरा वर्षांचा होता. पाहुण्यांनी पहिला गोल केला, यजमानांची एक पेनल्टी वाया गेली. उत्तरार्धात बारा मिनिटांच्या अंतराने रॅशफर्डने दोन गोल केले आणि सामना ५–१ असा संपला. तीन दिवसांनी लीगमधील पहिल्याच सामन्यात त्याने आर्सेनलविरुद्ध आणखी दोन केले. मार्शियलचा पाय त्या संध्याकाळी शाबूत राहिला असता तर काय झाले असते, हा तर्काचा विषय आहे. परंतु व्यवस्थापक लुई व्हान हाल यांच्या यादीत तो मुलगा मुळात होता, हे अकादमीचे काम होते.

आर्थिक बाजू : प्रीमियर लीगने २०१०-११ पासून चमूची यादी पंचवीसवर आणली व तीत इंग्लंड-वेल्समध्ये घडलेले नसलेले खेळाडू सतरापेक्षा जास्त असू नयेत असा दंडक घातला, एकवीस वर्षांखालील खेळाडू या यादीबाहेर राहतात. त्यामुळे अकादमीतला मुलगा हाताशी असणे सोयीचे झाले. पुढे तोट्यावर मर्यादा घालणारे नियम आले, तेव्हा अकादमीचा खर्च त्या हिशेबातून वगळला गेला आणि घरच्या खेळाडूच्या विक्रीची सारी रक्कम नफ्यात धरली जाऊ लागली, कारण त्याची खरेदी-किंमत शून्य. चेल्सीने २०२३ मध्ये मेसन माउंट व २०२४ मध्ये कॉनर गॅलाघर यांना विकले तेव्हा या गणिताची बरीच चर्चा झाली. मुले घडवण्यास उत्तेजन देणारा नियम त्याच मुलांना विकण्यासही उत्तेजन देतो, ही टीका रास्त आहे.

मुलांचे संरक्षण : १९७० ते २००५ या काळात फुटबॉलमध्ये मुलांवर झालेल्या लैंगिक अत्याचारांचा तपास करणारा क्लाइव्ह शेल्डन यांचा अहवाल मार्च २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला. १९९५ नंतर संरक्षणाची व्यवस्था उभारण्यात फुटबॉल असोसिएशनने अक्षम्य दिरंगाई केली, असा ठपका त्यात आहे. नोंदवलेल्या मुलांपैकी बहुसंख्य कधीच पदार्पणापर्यंत पोहोचत नाहीत, आणि सोडून दिलेल्यांच्या मनःस्थितीकडे क्लबांनी दीर्घकाळ पाहिले नाही. क्रिस्टल पॅलेसने २०२२ मध्ये १८ ते २३ वयोगटातील अशा खेळाडूंना तीन वर्षे आधार देण्याची योजना जाहीर केली.

मुलींसाठी अशी शिडी फार उशिरा उभी राहिली. असोसिएशनने डिसेंबर १९२१ मध्ये आपल्या क्लबांच्या मैदानांवर महिलांच्या सामन्यांस बंदी घातली होती, आणि ती उठायला १९७० चे दशक उजाडावे लागले.