शरणागतीचे मूलभूत डाव (ब्राझिलियन जिउ-जित्सू)

ब्राझिलियन जिउ-जित्सू या प्रामुख्याने जमिनीवरील झुंजीच्या खेळात प्रतिस्पर्ध्याचा सांधा किंवा गळा असा जखडणे, की इजा होण्यापूर्वीच त्याने हाताने थोपटून (टॅप) किंवा तोंडाने सांगून हार पत्करावी, यास शरणागतीचा डाव म्हणतात. आवळ आणि सांधेपेच असे याचे दोन गट आहेत.

आवळीत पाठीमागून घातलेली आवळ (पोर्तुगीज नावाचा अर्थ ‘सिंहमारक’) व पायांची त्रिकोणी आवळ हे डाव प्रमुख होत. श्वास कोंडणे असे त्यांचे वर्णन अनेकदा केले जाते, ते काटेकोर नाही. नीट बसलेल्या आवळीत श्वासनलिकेपेक्षा मानेच्या दोन्ही बाजूंच्या रोहिण्या (रक्तवाहिन्या) दाबल्या जातात, आणि त्यामुळेच साधारण १० सेकंदांत शुद्ध हरपू शकते. त्रिकोणी आवळीचे श्रेय कधी त्सुनेताने ओदा, तर कधी यैचिबेई कानेमित्सु या ज्यूदोपटूंना दिले जाते. तथापि विसाव्या शतकाच्या आरंभी जपानमधील कोसेन ज्यूदो (विद्यालयीन ज्यूदो) स्पर्धांत जमिनीवरील झुंजीला जे मोकळे रान मिळाले, त्यातून ती आकारास आली असावी, हे मत अधिक सयुक्तिक वाटते.

सांधेपेचांत कोपर ताणणारा आर्मबार (ज्यूदोतील जुजी-गातामे) सर्वपरिचित आहे. ‘किमुरा’मध्ये प्रतिस्पर्ध्याचे मनगट एका हाताने धरून, दुसरा हात त्याच्या दंडाभोवती घालून स्वतःचेच मनगट पकडतात व वाकवलेला हात त्याच्या पाठीकडे वळवतात, ताण मुख्यतः खांद्यावर येतो. ‘अमेरिकाना’त हाच विळखा उलट दिशेने पिळला जातो. ऑक्टोबर १९५१ मध्ये रिओ द जानेरोच्या माराकाना स्टेडियममध्ये जपानी ज्यूदोपटू मासाहिको किमुरा यांनी ‘किमुरा’च्याच पेचात ब्राझिलियन जिउ-जित्सूचे एक आद्य प्रवर्तक हेलिओ ग्रेसी यांचा हात मोडला. हेलिओ यांनी हार मानली नाही, अखेर त्यांच्याच पक्षाच्या लोकांनी लढत थांबवली. ब्राझीलमध्ये डावाला विजेत्याचे नाव मिळाले ते त्यानंतर. डाव मात्र जुनाच. ज्यूदोत तो उदे-गारामी या प्रकारात मोडतो आणि कॅच कुस्तीत (पाश्चात्त्य कुस्तीचा एक प्रकार) ‘डबल रिस्टलॉक’ म्हणून प्रचलित होता. ज्यांच्याकडून ही कला ग्रेसी घराण्यात आली ते मित्सुयो माएदा १९१४ मध्ये ब्राझीलला पोहोचले, तेव्हा ते ज्यूदोपटू तर होतेच, शिवाय पाश्चात्त्य कुस्तीगिरांशीही लढलेले होते. त्यामुळे या डावाचा उगम एकाच परंपरेत शोधणे धाडसाचे ठरेल.

पायांच्या पेचांना या खेळात दीर्घकाळ दुय्यम स्थान होते. टाच पिळून गुडघ्याला इजा करू शकणारा हील हुक आंतरराष्ट्रीय महासंघाने २०२१ पासून, तोही केवळ गी (ज्यूदोसारखा जाड पोशाख) न घालता खेळणाऱ्या तपकिरी व काळ्या पट्ट्याच्या प्रौढ खेळाडूंना, खुला केला.