सहकारी संस्थांच्या निवडणुकीतील मतदार पात्रतेचे वाद (नागपूर)

सहकारी संस्थेचे संचालक मंडळ निवडताना कोणाला मत देता येते, यावरून होणाऱ्या हरकती, दावे आणि याचिका. नागपूर जिल्ह्यात हे वाद प्रामुख्याने गावोगावच्या सेवा सोसायट्या, पगारदार नोकरांच्या पतसंस्था आणि ज्यांच्या सभासद संस्थाच असतात अशा संघीय संस्थांत होतात. आधार महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० आणि निवडणुकीचे २०१४ चे नियम यांचा. निवडणूक राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरण घेते. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये सहकारी संस्थांविषयीच्या ९७ व्या घटनादुरुस्तीतला राज्यातील संस्थांपुरता भाग रद्द केला, तेव्हा प्राधिकरणही गेले असा युक्तिवाद काही जण करत. पण प्राधिकरण राज्याच्या कायद्यातल्या कलम ७३ सीबीवर उभे आहे.

पात्रतेचा गाभा कलम २७ मध्ये आहे. एका सभासदाला एकच मत, भाग (शेअर) कितीही असोत. नव्या वैयक्तिक सभासदाला नाव दाखल झाल्यापासून २ वर्षे मत नाही. निवडणुकीच्या तोंडावर शेकड्याने सभासद भरण्याची जुनी रीत यामुळेच अडली. म्हणून भांडण येते ते सभासदत्वाच्या तारखेवर: अर्ज आणि भागाची रक्कम कधी आली, आणि मंडळाने मंजुरीचा ठराव कधी केला. कर्ज थकवणाऱ्याला थकबाकी असेपर्यंत मत नाही. तो कधी थकबाकीदार झाला आणि त्याने पैसे कधी भरले, हे कर्जखात्याच्या उताऱ्यावरून ठरते. सचिवाने घाईत दिलेला बेबाकी (थकबाकी नसल्याचा) दाखला खतावणीशी जुळला नाही तर तो टिकत नाही.

खरी चुरस असते ती संघीय संस्थांच्या ‘ठरावां’वर. तिथे मत सभासद संस्थेचे. ते टाकायला ती आपला एक प्रतिनिधी ठरावाने नेमते. सभासद संस्था नवी असेल, तर भाग गुंतवल्यापासून ३ वर्षे तिला मत नाही. काटोल-नरखेडकडची एखादी सोसायटी दोन गटांत फुटली की एकाच संस्थेचे दोन ठराव निवडणूक कार्यालयात पोहोचतात, दोन्हींवर त्याच संस्थेचा शिक्का. मग पाहायचे ते सभेच्या नोटिशीची जावक नोंद, हजेरीच्या सह्या, गणपूर्ती (कोरम) आणि सभेच्या कार्यवृत्ताच्या पानांचा क्रम. मूळ कार्यवृत्त नोंदवही ज्याच्या ताब्यात, त्याचे पारडे बहुधा जड.

मतदारांची प्रारूप (कच्ची) यादी लागली की हरकतीची मुदत सुरू होते, आणि बहुतेक वाद इथेच जिंकले किंवा घालवले जातात. हरकतीत यादीतला अनुक्रमांक, सभासद क्रमांक, नेमके कारण आणि पुरावा प्रत्येक नावापुढे हवा. ‘क्रमांक १ ते ३०० बोगस आहेत’ अशी एका ओळीची हरकत फेटाळली जाते, आणि ते योग्यच आहे. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्यावी. पुढे न्यायालयात पहिला प्रश्न हाच येतो की हरकत वेळेत घेतली होती का. हेही लक्षात ठेवावे की निवडणूक यंत्रणा यादी संस्थेच्या सभासद नोंदवहीवरून करते. सभासद मुळातच अपात्र असेल, तर नाव काढण्याचा मार्ग कलम २५ अ चा, निबंधकाकडे. एखादा शेतकरी आहे की नाही, गावचा रहिवासी आहे की नाही, हे कलम ११ खाली ठरते. या दोन्ही मार्गांना वेळ लागतो. निवडणूक जाहीर झाल्यावर धावपळ करणारे इथे अडकतात.

अंतिम यादीनंतर अनेक जण उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका करतात. तिथे श्री संत सद्गुरू जनार्दन स्वामी दूध संस्थेच्या प्रकरणातला सर्वोच्च न्यायालयाचा २००१ चा निकाल आडवा येतो: मतदारयादी करणे हा निवडणूक प्रक्रियेचाच टप्पा आहे, आणि प्रक्रिया सुरू झाल्यावर उच्च न्यायालयाने साधारणपणे ती थांबवू नये. तरी दिलासा कधीच मिळत नाही असे नाही. वादग्रस्त मतदारांना मतदान करू द्यावे, त्यांची मते वेगळ्या पेटीत सीलबंद ठेवावीत आणि निकाल याचिकेच्या अधीन राहावा, असा अंतरिम आदेश होऊ शकतो.

निकालानंतरचा मार्ग कलम ९१ खाली सहकार न्यायालयातला दावा. मुदत निकाल जाहीर झाल्यापासून १ महिना. रिटमध्ये तारखा मोजत बसलेल्यांचा हा महिना हातातून जातो. निवडून आलेल्यांना प्रतिवादी करायचे राहून जाणे ही दुसरी नेहमीची चूक. अपात्र लोकांनी मत दिले एवढे सिद्ध करून भागत नाही. निकालावर त्याचा परिणाम झाला हे दाखवावे लागते. मतपत्रिका गुप्त असल्याने अपात्राचे मत कोणाला गेले ते कळत नाही, म्हणून गणित संख्येचे होते: विजयी आघाडी ४ मतांची आणि मत टाकलेले अपात्र ९, तर दाव्यात दम आहे, आघाडी ४० ची असेल तर नाही. हे ९ जण प्रत्यक्ष केंद्रावर आले होते, याचा पुरावा म्हणजे मतदान अधिकाऱ्याने खुणा केलेली यादीची प्रत. जाणते वकील दाव्यासोबतच ती प्रत आणि मतपत्रिकांची पाकिटे जपून ठेवण्याचा आदेश मागतात.