सकलातवाला 'पहिले भारतीय खासदार' नव्हते

शापुरजी सकलातवाला हे ब्रिटिश संसदेत निवडून गेलेले पहिले भारतीय, असा मजकूर वर्षानुवर्षे फिरतो आहे. तो चुकीचा आहे. दादाभाई नौरोजी 1892 मध्ये लिबरल पक्षातर्फे, तर मंचरजी भावनगरी 1895 मध्ये कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षातर्फे निवडून आले होते. सकलातवाला तिसरे. तिघेही मुंबईचे पारशी, म्हणूनच बहुधा हा घोळ झाला असावा.

जमशेटजी टाटांचे हे भाचे 1905 मध्ये इंग्लंडला गेले आणि टाटांच्याच कचेरीत काम करू लागले. 1922 मध्ये लंडनच्या बॅटरसी नॉर्थमधून ते जिंकले. तेव्हा ते कम्युनिस्ट पक्षाचे सभासद होते खरे, पण उमेदवारी मजूर पक्षाची होती. 1923 मध्ये हरले. 1924 मध्ये मात्र उघडपणे कम्युनिस्ट म्हणून उभे राहिले आणि पुन्हा जिंकले! पुढच्याच वर्षी टाटांची नोकरी सुटली. 1926 च्या सार्वत्रिक संपाच्या वेळी हाइड पार्कमधल्या भाषणाबद्दल त्यांनी दोन महिने तुरुंगवासही भोगला. खासदार असताना! माझ्या मते त्यांचे मोठेपण इथे आहे; दादाभाईंचा मान त्यांना देण्याची काहीच गरज नाही.