वेगळी बैठक कशासाठी? अमेरिकेतील कृष्णवर्णीय बौद्ध स्त्रियांची पार्श्वभूमी

अमेरिकेतल्या काही बौद्ध केंद्रांत गोरे नसलेल्या साधकांची बैठक वेगळी भरते. ती का, हे कळायला थोडे मागे जावे लागते. तिथल्या अनेक कृष्णवर्णीय स्त्रियांना बौद्ध साधना पहिल्यांदा भेटली ती कुणाच्या तरी घरात. १९६० पासून एका जपानी गृहस्थ-संघटनेने तिथे मूळ धरले. तिचा सुरुवातीचा भार वाहिला तो अमेरिकन सैनिकांशी लग्न करून आलेल्या जपानी बायकांनी. दिवाणखान्यात लाकडी देव्हारा, हातात माळ आणि ‘नम् म्योहो रेंगे क्यो’चा, म्हणजे सद्धर्मपुंडरीक सूत्राला वंदनाचा, खणखणीत जप. चर्चमध्ये गात वाढलेल्यांना हा सामूहिक सूर परका वाटला नाही. नवऱ्याच्या मारहाणीने पिचलेल्या एका जगप्रसिद्ध गायिकेने १९७३ मध्ये हाच जप धरला. १९७६ मध्ये तिने ते घर सोडले.

विपश्यनेची वाट मात्र खडतर होती. तिची मोठी केंद्रे मॅसॅच्युसेट्स आणि कॅलिफोर्नियाच्या आडबाजूला, बहुतांशी गोऱ्यांच्या भागात. शिबिराचे शुल्क भरायचे, रजा काढायची आणि सभागृहात शिरल्यावर दिसायचे की काळी बाई आपण एकटीच. मौनातही नजरा कळतात. वंशभेदाचा विषय काढला, तर ‘राग धरू नकोस’ हेच उत्तर.

त्यातून २००२ मध्ये कॅलिफोर्नियात आफ्रिकन-अमेरिकन साधकांचे स्वतंत्र शिबिर भरले. २००७ मध्ये त्याच राज्यातल्या ओकलंडला भरवस्तीत, शुल्काऐवजी दानावर चालणारे केंद्र निघाले. तिथे गोरे नसलेल्यांची बैठक वेगळी. अशा बैठकींवर आक्षेप आलेच: समुद्राला मिळालेल्या नद्यांची नावे उरत नाहीत असे बुद्धच सांगतात, मग धम्मात पुन्हा रंगाची फाळणी कशाला? हा आक्षेप मला पटत नाही. अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांतली गोऱ्या-काळ्यांची फाळणी कायद्याने लादलेली होती, ही बैठक बायकांनी स्वतः निवडली. आणि ‘सर्वांसाठी खुली’ म्हणवणारी सभागृहे आधीच जवळजवळ गोऱ्यांची होती, त्यावर कोणी हरकत घेतली नव्हती. १९५६ ला नागपुरात लाखोंनी एकत्र दीक्षा घेतली. संघ सोबतच होता. या बायका एकेकट्या आल्या. सोबत त्यांना नंतर जमवावी लागली.

अधिकाराची पदेही उशिराच आली. झेन या जपानी ध्यानपरंपरेत कृष्णवर्णीय स्त्रीला धर्म-उत्तराधिकार, म्हणजे गुरूची शिकवण पुढे चालवण्याचा अधिकार, पहिल्यांदा मिळाला तो २००६ मध्ये. २०१८ मध्ये न्यूयॉर्कला कृष्णवर्णीय बौद्ध शिक्षक एकत्र जमले, तेव्हा त्यांत स्त्रिया आघाडीवर होत्या. पूर्वजांचे स्मरण आणि गुलामगिरीची जखम हे विषय आता त्या थेट धम्मासनावरून मांडतात.